पानाची खालची बाजू

कामावर रुजू झाले त्या दिवशी शालनमावशींनी माझ्या हातातलं भिंग काढून घेतलं आणि पदराच्या टोकाला गाठ मारून त्यात बांधून टाकलं. मी त्या संशोधन केंद्रात साहाय्यक म्हणून आलेली, गळ्यात नवंकोरं ओळखपत्र. आणि या रोजंदारीवरच्या बाई, डोक्याला फडकं, साडीवरून पुरुषी शर्ट. आमचे विभागप्रमुख मोरे सर शेजारीच उभे होते. ते रागावतील असं वाटलं. ते म्हणाले, "शिकून घ्या," आणि चालते झाले.

"आदी बोटानं वळखायचं," मावशी म्हणाल्या, "मग काच लावायची. बस खाली."

मी नव्या सलवारीनिशी ओल्या सरीत बसले.

कोल्हापूरच्या वेशीवरचं ते केंद्र. नाव सांगत नाही. चहूबाजूंनी ऊस आणि मधे आमचे शाळवाचे वाफे. शाळू म्हणजे रब्बीची ज्वारी. उसाच्या मुलखात शाळू कोण पेरतो, असं मला नगरला असताना वाटायचं. इथे आल्यावर कळलं की ज्याच्या घरी भाकरी होते आणि दावणीला म्हैस आहे, तो एखादं वावर तरी शाळवाला ठेवतोच. माणसांना भाकरी, म्हशीला कडबा.

या शाळवाचा वैरी म्हणजे खोडमाशी. घरातल्या माशीहून लहान, राखाडी, अंगाने काटकुळी. रोप चार-पाच पानांचं झालं की ती पानाच्या खालच्या बाजूला अंडं घालून जाते. पांढरं, लांबट, तांदळाच्या कणीहूनही बारीक. दोन-तीन दिवसांत अळी बाहेर येते, सरपटत पोंग्यात, म्हणजे मधल्या पानांच्या सुरळीत, शिरते आणि वाढीचा कोंबच कुरतडते. बाकीचं रोप हिरवंगार, मधलं पान तेवढं वाळलेलं. शेतकरी त्याला पोंगेमर म्हणतात.

मावशींनी तसलं एक रोप पकडलं, मधलं पान हलकेच ओढलं. ते सुरीने कापल्यासारखं सुटून हातात आलं. त्याचं बूड त्यांनी थेट माझ्या नाकाला लावलं.

"घे वास."

कुजका, मेलेल्या उंदरासारखा वास. मी मागे कोलमडले. मावशी खदाखदा हसल्या.

"ह्येला म्हंत्यात माशीचं घर. आता जलमात इसरायची न्हाईस."

विसरले नाही.

मावशी उचगावच्या. वय पन्नाशी ओलांडलेलं. आवाज असा की दोन वाफे पलीकडून बोलल्या तरी कानाशी बोलल्यासारखं वाटे. "मी येतो", "मी बगतो", असं पुरुषासारखं बोलायच्या. इथल्या बायका तशाच बोलतात, पण पहिल्यांदा ऐकताना मी दचकले होते. मोठ्या पदावरचे पाहुणे केंद्र बघायला आले आणि बूट घालून वाफ्यात शिरले, तर मावशी बसल्या जागेवरून ओरडायच्या, "ओ पावणं! बांधावरनं चाला. पोरं निजल्यात तितं." पाहुणे उडी मारून बांधावर यायचे. 'पोरं' म्हणजे रोपं, हे त्यांना नंतर कळायचं.

आमचं काम बाकीच्या शेतकऱ्यांच्या उलटं. माशी चुकवायची तर शाळू वेळेवर पेरावा लागतो. आम्ही मुद्दाम उशिरा पेरायचो, माशीने यावं म्हणून. तिला बोलवायला सुक्या मासळीची भुकटी भिजवून डब्यात भरून वाफ्यांत ठेवायचो. त्या वासावर माश्या कुठून कुठून यायच्या. मग ज्या वाणावर कमी अंडी, कमी पोंगेमर, तो वाण पुढे न्यायचा. मासळीचे ते डबे मावशींच्या ताब्यात. इतकी वर्षं ते हाताळून त्यांच्या नाकाने मासळीशी कायमची फारकत घेतली होती. "आमच्यात आयतवारी मासळी आसती," त्या सांगायच्या. "लेक खाती, मी भाईर कट्ट्यावर बसतो. ती माशी आणि मी, एकाच वासावर चाकरी करालोय. ती खाती, मला भाकरी ग्वाड लागत न्हाय."

त्यांची मोजणी बघण्यासारखी असे. सरीत उकिडव्या बसायच्या, डाव्या हाताने रोप धरायच्या आणि उजव्या हाताची तर्जनी आणि अंगठा पानाच्या बुडापासून शेंड्यापर्यंत ओढत न्यायच्या, एखाद्या कापडाचा पोत बघावा तशा. "रिकामं. रिकामं. येक. रिकामं. दोन." मी शेजारी बसून वहीत लिहायची. मोजताना त्या पानाकडे बघायच्याच नाहीत. मान रस्त्याकडे, तोंड चालू, पलीकडच्या वाफ्यातल्या बाईला रागावणं चालू, आणि बोटं पानावर. मला वाटायचं, ही वर्षानुवर्षांची सवय. खरं सांगायचं तर मला तो थोडा तोराही वाटायचा. म्हणून दर दहाव्या रोपाला मी भिंग लावून पडताळा घ्यायची. त्यांनी 'येक' म्हटलेलं असायचं आणि मला काही दिसायचं नाही. "पुन्ना बग. शिरंच्या कडंला." पुन्हा बघितलं की ते तिथे असायचंच, शिरेला समांतर, आडोशाला निजल्यासारखं.

एक वाण होता, आम्ही त्याला 'सत्तावीस' म्हणायचो. तीन सुग्या आम्ही त्याच्या मागे होतो. त्याच्या पानाच्या खालच्या बाजूला अतिशय बारीक लव असते. सूक्ष्मदर्शकाखाली काट्यांचं रान दिसतं. माशीला तिथे नीट बसता येत नाही, अळीला सरकता येत नाही. आम्हाला हे सूक्ष्मदर्शकाने सांगितलं. मावशींनी त्याच्या आधीच त्या वाणाचं नाव 'खरखरी' ठेवलं होतं. मी कितीदा तरी ते पान चिमटीत धरून ओढलं. मला कधी खरखर लागली नाही.

"तुज्या बोटाला साबन लागलाय," मावशी म्हणायच्या. "माशी पान बगून बसती, पोरी. मानूस पाटी बगून."

पाट्यांवर त्यांचा राग होता. प्रत्येक वाफ्यापुढे वाणाच्या नावाची पाटी असायची, आणि मावशींना आकड्यांपलीकडे वाचता येत नव्हतं. मी या रागाचा अर्थ तेवढाच लावला.

पहिल्या सुगीतली एक गोष्ट अजून विसरलेली नाही. दुपारची वेळ होती. एक तरुण शेतकरी टेम्पो घेऊन फाटकातून आत आला आणि त्याने मेलेल्या रोपांचं बोचकं मोरे सरांच्या टेबलावर आपटलं.

"तणनाशक मारलंय माज्या रानावर. माज्या सख्ख्या भावानं. तुमी फकस्त लिवून द्या."

खिशात पोलिसांकडे द्यायची तक्रार लिहून तयार होती. बांधावरून दोघा भावांचं वाकडं होतं. थोरल्याचा शाळू डुलतोय आणि याचा बसलाय, म्हणजे त्यानेच काहीतरी केलं, हे याच्या डोक्यात पक्कं. सर रोपं चाळत होते, तेवढ्यात मावशी बोलावल्याशिवाय आत आल्या. बोचक्यातलं एक रोप उचललं, चाचपलं.

"कवा पेरलंस?"

"दसऱ्यानंतर."

"आणि भावानं?"

"त्यो आदीच पेरून मोकळा झालता."

"तणनाशक मारलं आसतं तर आक्कं रान जळलं आसतं. तुजं मदलंच पान तेवडं वाळलंय. यवडी बारीक कलाकुसर तुज्या भावाला जमल व्हय?"

त्यांनी नखाने खोड उभं चिरलं. आत फिकट पिवळी अळी वळवळत होती. ती त्यांनी त्याच्या तळहातावर ठेवली.

"हा बग तुजा भाऊ."

तो माणूस हाताकडे बघत राहिला. मग खुर्चीवर न बसता जमिनीवरच बसला. हळू म्हणाला, "टेम्पोत शिटाखाली कोयता हाय." सरांच्या हातातलं रोप हातातच राहिलं. मावशींनी तेवढ्याच आवाजात विचारलं, "धार लावलीयास?" त्याने मान हलवली. "मग जाऊन मेलेली रोपं काप आणि खड्ड्यात गाड. आणि भावाकडं जा, फुडच्या साली कवा पेरायचं ते इचार."

तो टेम्पो वळवून गेला तोवर मावशी मासळीचे डबे भरायला निघून गेल्या होत्या.

मग ते वर्ष आलं ज्याच्याबद्दल मला खरं सांगायचं आहे.

'सत्तावीस'चं बियाणं वाढवून झालं होतं. पेरणीच्या तोंडावर शेतकऱ्यांचा मेळावा ठरला. गावागावांना निरोप गेले, छोट्या पिशव्या शिवून आल्या. माशीला दाद न देणारा शाळू मिळणार, थोडा उशीर झाला तरी चालेल, बीजप्रक्रियेचं औषध नसलं तरी चालेल, असं मेळाव्याच्या आधीच गावांत झालं होतं. वाटण्याआधी उगवण बघायची म्हणून व्हरांड्यात दोन ट्रे लावले होते. एकात चाचणीच्या पाकिटातलं मूळ बियाणं, दुसऱ्यात गोदामातल्या पोत्यांतलं. दोन्हींवर पाटी एकच, सत्तावीस. उगवण उत्तम होती. रोपं दोन आठवड्यांची झाली.

मेळाव्याला तीन दिवस उरले होते. सकाळी मावशी ट्रेला पाणी घालत होत्या. मी आत बसून यादी करत होते. बाहेरून हाक आली, "म्याडम! ह्यो दुसरा ट्रे कशाचा?"

"सत्तावीसचा. दोन्ही सत्तावीसचेच."

"ह्यो न्हवं."

मी बाहेर गेले. मावशी दुसऱ्या ट्रेवर वाकून पानं चिमटीतून ओढत होत्या, एक, दुसरं, तिसरं. चेहरा पडला होता. त्यांचा चेहरा पडलेला मी त्याआधी बघितला नव्हता.

"ही खरखरी न्हवं, पोरी. ही गुळगुळीत हाय. ही तर माशीची ताटं वाडून ठेवल्याती."

मोरे सर आले. त्यांचा पारा चढला. मेळावा तोंडावर, मंडप ठरलेला, आणि रोजंदारीवरची बाई सांगते की बियाणं चुकलं. "मावशी, पाटी आहे ना त्यावर? तुम्हाला वाचता येत नाही म्हणून..." पुढचं ते बोलले नाहीत. शेवटी सरच दोन्ही ट्रेंमधली पानं तोडून आत सूक्ष्मदर्शकापाशी गेले. मी त्यांच्या मागे. पहिल्या पानाखाली काट्यांचं रान. दुसऱ्या पानाखाली काहीच नाही. काचेसारखी सपाट, स्वच्छ पाठ.

सरांनी डोळा उचलला तेव्हा त्यांच्या कपाळावर घाम होता. पावसाळ्यात गोदाम गळलं तेव्हा पोती हलवली होती. गळून पडलेली लेबलं नंतर कुणीतरी अंदाजाने बांधली होती. 'सत्तावीस'च्या नावाने आम्ही गावोगाव जे वाटणार होतो ते होतं आमच्याच चाचणीतल्या गुळगुळीत पानाच्या वाणाचं, जो आम्ही माशीला बोलवायला मुद्दाम लावायचो. ते उशिरा, औषधाशिवाय पेरलं गेलं असतं तर काय झालं असतं, याचा विचार करायलाही धीर होईना.

पण सर शास्त्रज्ञ. त्यांना खात्री करायची होती, आणि मला वाटतं, थोडं नवलही वाटत होतं. दोन्ही प्रकारची पानं पाठीमागे धरून त्यांनी हाताने मिसळली आणि व्हरांड्यात आले. मावशी पायरीवर बसल्या होत्या, हात मांडीवर. सरांनी काही न बोलता एक पान त्यांच्यापुढे धरलं.

मावशींनी ते घेतलं नाही.

सरांचा हात त्यांच्या नाकापासून वीतभर अंतरावर होता. मावशी समोर बघत होत्या, चेहऱ्यावर हसू होतं. सरांनी पान थोडं डावीकडे नेलं. मग उजवीकडे. नजर हलली नाही.

"द्या की सर," मावशी म्हणाल्या. "कुटं गेलासा?"

सरांनी माझ्याकडे बघितलं. मग सर खाली बसले, मावशींचा हात हातात घेतला आणि पान त्यात ठेवलं.

"खरखरी."

दुसरं.

"गुळगुळीत. ह्येबी गुळगुळीत. ही खरखरी."

एकही चुकलं नाही. पानं संपली तरी सर त्यांचा हात धरून तसेच बसले होते.

"मावशी, तुम्हाला दिसत नाही?"

मावशींचं हसू गेलं. त्यांनी हात सोडवून घेतला, पदराने पुसला.

"उजेड दिसतोय की. मानूस हाललं की सावली हालती."

"कधीपासून?"

"तीन सुग्या झाल्या आसतील. आदी कडंचं जाऊ लागलं, मग मदलं."

"आणि सांगितलं का नाही?"

"इचारलं कोन?"

तीन सुग्या म्हणजे 'सत्तावीस'ची सगळी चाचणी. म्हणजे माझं भिंग पदरात बांधून घेतलं, तेव्हाच डोळे जायला लागले होते. मान रस्त्याकडे करून बोटांनी मोजणं, हा तोरा नव्हता. पाट्यांवरचा राग नुसता न वाचता येण्याचा नव्हता. वाफे, बांध, नळ, फाटक हे सगळं त्यांना पावलांनी पाठ होतं. आणि मी रोज शेजारी बसत होते. रोज. मला कळलं नव्हतं.

संध्याकाळी सर आणि मी उचगावला त्यांच्या घरी गेलो. छोटंसं, सारवल्यासारखं स्वच्छ घर. भिंतीवर बुद्धाची तसबीर, तिच्याखाली लेकीचा पदवीदानाच्या दिवशीचा फोटो. लेक वैशाली एका दवाखान्यात परिचारिका. तीच रोज सकाळी स्कूटरवरून आईला फाटकापर्यंत सोडायची. आम्हाला बघून ती दारातच रडायला लागली.

"काचबिंदू हाय सर. गेलेली नजर परत येत न्हाई म्हणालेत. मी परिचारिका, आणि माझ्या लक्षात आलं तवा उशीर झालता. मग आईनं शपथ घातली, सांगायचं न्हाई म्हणून."

"रडतीस कशाला गं," आतून मावशी ओरडल्या. "पावण्यास्नी बसाय टाक आदी."

मेळावा झाला. सरांनी माइकवर उभं राहून सांगितलं की आज बियाणं मिळणार नाही, आमची चूक झाली आहे. मंडपात ओरडा झाला. लांबून आलेले लोक होते, खुर्च्या आपटल्या गेल्या. ओरडा संपेपर्यंत सर माइकपाशीच उभे राहिले. खरं बियाणं दुसऱ्या लेबलाच्या पोत्यांत सापडलं होतं. आता मात्र त्याच्यावर वरच्या कार्यालयाची चौकशी बसली, कारण मेळाव्याची बातमी वर गेली होती, आणि तिच्यासोबत, कुणाच्या तरी तोंडून, दुसरी बातमीही.

तिघेजण आले. मोठी खोली, लांब टेबल. मावशींना बाहेर व्हरांड्यात बाकावर बसवलं होतं. दार उघडंच होतं. त्यांनी गोदामाबद्दल विचारलं, सरांनी उत्तरं दिली. मग टेबलाच्या मधोमध बसलेल्या गृहस्थांनी चाचणीच्या वह्या पुढे ओढल्या.

"ही तीन वर्षांची मोजणी कोणी केली?"

उत्तराची वाट न बघता तेच पुढे म्हणाले,

"एका आंधळ्या मजूर बाईने केली असं आम्हाला कळलंय. तसं असेल तर ही आकडेवारी ग्राह्य धरता येणार नाही. चाचणी पहिल्यापासून घ्यावी लागेल. वाण रोखावा लागेल."

आदल्या दिवशी मी त्या वह्या घेऊन बसले होते. माझा पडताळा आणि त्यांचे आकडे समोरासमोर ठेवले होते. जिथे फरक होता तिथे खोडलेला आकडा माझा होता. ते मला त्या खोलीत सांगता आलं असतं. 'हो, त्यांनीच मोजलं, आणि माझ्या डोळ्यांपेक्षा बरोबर मोजलं. बोलवा त्यांना, पानं द्या हातात', असं म्हणता आलं असतं. मोरे सरांनी माझ्याकडे बघितलं. त्यांच्या नजरेत काय होतं हे मला आजही नीट सांगता येत नाही. विनंती होती की प्रश्न.

"मी," मी म्हणाले. "मोजणी मी केली. भिंगाने. त्या फक्त रोपं धरायच्या."

मधल्या गृहस्थांनी दाराकडे मान वळवली. "बाई, खरं आहे का हे?"

व्हरांड्यातून आवाज आला, नेहमीसारखाच खणखणीत.

"व्हय. म्याडमनीच मोजलं. मला कुटं दिसतंय."

वह्या मिटल्या. वाण वाचला. अहवालावर माझी सही झाली.

चौकशीनंतर मावशींचं काम सुटणार हे ठरलेलंच होतं. सरांनी खूप धडपड केली. सावलीत बसून बी निवडायचं तरी काम द्या म्हणून पत्रं लिहिली. नियमात बसलं नाही. शेवटच्या दिवशी मी त्यांना फाटकापर्यंत पोचवायला गेले. हात धरायला गेले तर त्यांनी झटकला. त्या वाटेवर त्यांना हाताची गरज नव्हती. वैशाली यायची होती. आम्ही भिंतीपाशी थांबलो.

"मावशी," मी म्हणाले, "तुम्ही असं का सांगितलंत?"

"मग काय सांगू? पुन्ना तीन वर्सं माशीम्होरं पेरत बसला आसतासा. तवर लोकांनी काय खायाचं? बियाणं सुटलं न्हवं? बास."

मला रडू आलं. मी माफी मागायला लागले, शब्द जुळेनात. त्यांनी ऐकून घेतलं. मग माझ्या बाजूला तोंड वळवलं.

"न्हाय, ते ठीक हाय. पन येक सांगतो तुला. तू लई चटदिशी म्हनलीस."

"काय?"

"मी."

स्कूटर आली. त्या मागे बसल्या, एका हाताने लेकीचा खांदा धरला आणि गेल्या. मी फाटकाशी उभी राहिले. तो एकाक्षरी शब्द माझ्या तोंडून किती वेळात निघाला होता, याचा मी तेव्हापासून कितीदा तरी हिशेब केला आहे. सरांनी माझ्याकडे बघितल्यापासून एक श्वाससुद्धा गेला नव्हता.

'सत्तावीस'चं बियाणं पुढच्या सुगीला गावोगाव गेलं. चांगलं उभं राहिलं. शेतकरी येऊन सांगतात, औषध लागलं नाही, पोंगेमर नाही. मी मान डोलावते. उचगाव केंद्रापासून लांब नाही. जाईन जाईन म्हणताना दीड वर्ष गेलं.

मग एका सकाळी मी लक्ष्मीपुरीच्या धान्यबाजारात गेले होते. एका दुकानापुढे शाळवाची पोती तोंडं उघडून ठेवलेली, आणि त्यांच्यासमोर स्टुलावर शालनमावशी बसल्या होत्या. केस पिकले होते, अंगात शर्ट नव्हता, स्वच्छ पांढरट साडी होती. उजवा हात कोपरापर्यंत पोत्यात खुपसलेला. मूठभर दाणे वर काढायच्या, अंगठ्याने तळहातावर फिरवायच्या, पुन्हा सोडायच्या. "ह्यो जुना हाय. न्हवं, न्हवं, त्याच्या पल्याडचा दाव." दुकानदार कपाळाला हात लावून हसत होता. वैशाली पिशवी घेऊन शेजारी उभी होती.

मी चार पावलांवर थांबले. एवढ्या अंतरावरून हाक मारायची म्हटलं तर आवाजही चढवावा लागला नसता. तोंड उघडलं. आणि मला पहिला शब्द कुठला म्हणायचा तेच कळेना.

मावशींचा हात पोत्यात थांबला. त्यांनी मान किंचित माझ्या बाजूला केली.

"कोन हाय गं हितं? कोनतरी हुबं हाय."

वैशालीने वळून बघितलं. तिने मला ओळखलं. चांगले दोन-तीन क्षण माझ्या डोळ्यांत बघत राहिली, मी बोलते का याची वाट बघितल्यासारखी.

मी बोलले नाही.

"कुनी न्हाय, आई," ती म्हणाली, आणि तिने पिशवीचं तोंड उघडून धरलं.